कोण कोणाला घरी पाठवतो? रशियातल्या निवडणुकांची जरा लांबलचक गोष्ट

११३६ साली नोव्हगोरोद नावाच्या शहरातल्या लोकांनी आपल्या राजाला पकडून कोंडून ठेवलं, एकट्याला नाही, बायको, पोरं आणि सासूसकट. रोज तीस हत्यारबंद माणसं पहाऱ्याला. आरोप काय, तर हा गरीब रयतेकडे बघत नाही आणि लढाईतून सगळ्यांच्या आधी पळाला. नवा राजा सापडेपर्यंत ठेवलं आणि मग सोडून दिलं, जा बाबा कुठे जायचं तिकडे. तिथल्या जुन्या बखरींमध्ये अशा वेळी जे शब्द येतात त्याचा अर्थ शब्दशः "राजाला वाट दाखवली" असाच होतो, आपल्याकडे म्हणतात तसंच.

हे सुरुवातीलाच सांगायचं कारण, रशियाचा विषय निघाला की कोणीतरी हमखास म्हणतं की तिथे काय, आधी झार मग कम्युनिस्ट मग पुतिन, निवडणूक वगैरे त्यांच्या रक्तातच नाही. मला हे पटत नाही. निवडणुका, सभा, प्रतिनिधी हे सगळं तिथे वेळोवेळी होतं, कधीकधी आपल्या कल्पनेपेक्षा जास्त होतं. फक्त मी हा इतिहास वाचताना एकच प्रश्न धरून बसतो, की सभा राजाला घरी पाठवू शकते की राजा सभेला. बाकीचं सगळं, किती टक्के मतदान, किती सीटा, हे नंतर.

तर नोव्हगोरोद. व्यापारी शहर, लाकूड, मेण, फर विकून गब्बर झालेलं. तिथे 'वेचे' नावाची नगरसभा भरायची, घंटा वाजवून लोकांना बोलवायचे. राजा बाहेरून आणायचे आणि त्याच्याशी करार करायचे, तू अमुक कर घे, तमुक ठिकाणी जमीन विकत घ्यायची नाही असं बारीकसारीक लिहून. शहराचा कारभारी निवडून यायचा. आर्चबिशप म्हणजे मुख्य धर्मगुरू, तो तीन नावांतून चिठ्ठी टाकून, एकदा तर आंधळ्या माणसाच्या हातून चिठ्ठी काढल्याची नोंद आहे (आपल्याकडे सरपंचाच्या आरक्षणाची सोडत शाळेतल्या पोराच्या हातून काढतात ते आठवलं). आता हे काही आदर्श वगैरे नव्हतं, खरी सूत्रं मोठ्या जमीनदार घराण्यांच्याच हातात होती आणि सभेत मतभेद झाले तर वोल्खोव नदीच्या पुलावर हाणामारीपर्यंत जायचं. पण राजाला वाट दाखवता यायची हे खरं.

१४७८ मध्ये मॉस्कोच्या तिसऱ्या इव्हानने हे शहर गिळलं. त्याच्या अटींत एक अट घंटेची होती, वेचेची घंटा यापुढे राहणार नाही. ती उतरवून मॉस्कोला नेली. १५१० मध्ये प्स्कोव शहराची पण तशीच नेली. माणसांना कैद करतात तशी घंटेला कैद.

त्यानंतर मॉस्कोत सभा नव्हत्या असं नाही, पण उलटी गंमत सुरू झाली. राजा अडचणीत आला की सभा बोलवायचा. या सभांना आज 'झेम्स्की सोबोर' म्हणतात, म्हणजे साधारण 'सगळ्या भूमीची सभा', नाव मात्र इतिहासकारांनी एकोणिसाव्या शतकात चिकटवलेलं. पहिली १५४९ ची समजतात, चौथ्या इव्हानच्या काळातली, ज्याला आपण इव्हान द टेरिबल म्हणून ओळखतो. १५६६ मध्ये परत बोलावली, लिव्होनियाचं (बाल्टिक समुद्राकाठच्या मुलखाचं) युद्ध चालू ठेवायचं का म्हणून, सगळे म्हणाले ठेवा. राजा समोर बसलेला असताना नको कोण म्हणणार.

पण १५९८ ला जुनं राजघराणं संपलं आणि सभेने चक्क राजा निवडला, बोरिस गोदुनोव. मग दुष्काळ, तोतये राजपुत्र (आपल्याकडे पेशवाईत सदाशिवरावभाऊंचा तोतया निघाला तसे तिथे एकामागून एक तोतये, त्यातला एक तर खरोखर गादीवर बसला), पोलंडची फौज मॉस्कोत, नुसता गोंधळ. त्यातून बाहेर पडल्यावर १६१३ ची सभा भरली, आणि ही बहुतेक त्या सगळ्या काळातली सगळ्यात खरी सभा, कारण तिला बोलवायला राजाच नव्हता. शहरांतून माणसं आली, पाद्री, कसाक (सरहद्दीवरचे घोडेस्वार लढवय्ये), काही ठिकाणचे साधे शेतकरीसुद्धा. परदेशी राजपुत्र नको असं आधी ठरवलं आणि मग १६ वर्षांच्या मिखाईल रोमानोवला निवडलं. तो कोस्त्रोमाच्या मठात आईबरोबर होता, आईला बराच वेळ मनवावं लागलं कारण आधीच्या राजांचं काय झालं ते तिने बघितलेलं. म्हणजे ज्या रोमानोव घराण्याने पुढे ३०० वर्षं "आमची सत्ता देवाने दिली" सांगितलं ते मुळात निवडून आलेलं घराणं! आणि निवडणाऱ्यांनी एक गोष्ट केली नाही, पुढे सभा अमुक वर्षांनी भरलीच पाहिजे असा नियम करून घेतला नाही. सुरुवातीची वर्षं पैसा नव्हता तोपर्यंत मिखाईलने सभेला विचारलं, नंतर गरज उरली नाही तशी बोलावणी कमी कमी होत बंद पडली. रद्द कोणी केलीच नाही, विसरले.

अठरावं शतक पटकन उरकतो. १७३० मध्ये दरबारातल्या काही बड्या लोकांनी राजघराण्यातल्या अ‍ॅनाला गादी देताना अटी घातल्या, आमच्या परवानगीशिवाय युद्ध नाही, कर नाही, लग्न पण नाही. तिने सही केली, मॉस्कोला आली, बाकीचे सरदार या बड्यांवर चिडलेले आहेत हे बघितलं आणि सगळ्यांसमोर तो कागद फाडला. नंतर १७६७ ला महाराणी कॅथरीनने नवे कायदे करायला निवडून आलेला आयोग बोलावला, पाचशेच्या वर प्रतिनिधी, सरदार, शहरवाले, कसाक, सरकारी जमिनीवरचे शेतकरी, जमीनदारांची कुळं म्हणजे वेठबिगार तेवढे वगळून, आणि तेच तर देशात प्रचंड संख्येने होते. सुरुवातीचा वेळ कशात गेला, तर महाराणींना कुठली पदवी द्यायची यात. दोनशेच्या वर बैठका झाल्या, एक कायदासंहिता बाहेर पडली नाही, १७६८ ला तुर्कस्तानशी युद्ध सुरू झालं म्हणून सगळ्यांना घरी पाठवलं. कोणी कोणाला पाठवलं ते लक्षात आलं ना.

खरी गोष्ट सुरू होते ती १८६१ ला वेठबिगारी गेल्यावर. १८६४ पासून जिल्ह्यांत 'झेम्स्त्वो' आली, आपल्या जिल्हा परिषदेचं चुलत भावंड म्हणा, शाळा, दवाखाने, रस्ते, पूल. जमीनदारांचं वजन जास्त होतं, पण शेतकरी आणि जमीनदार एका खोलीत बसून दवाखान्याच्या खर्चावर वाद घालतायत हे तिथे नवीन होतं. साहजिकच लोक म्हणायला लागले की जिल्ह्याला चालतं तर देशाला का नाही. आणि इथे तो चुटपुट लावणारा दिवस येतो, १ मार्च १८८१. सकाळी दुसऱ्या अलेक्झांडरने एका योजनेला होकार दिला, निवडलेल्या लोकांना कायद्याच्या कामात सल्ल्यापुरतं सामील करून घ्यायचं, चार दिवसांत मंत्र्यांसमोर चर्चा ठेवायची. त्याच दुपारी पीटर्सबर्गच्या कालव्याकाठी क्रांतिकारकांच्या बॉम्बने तो मेला. मुलाने योजना गुंडाळली. १८९५ ला नातू दुसरा निकोलस, नुकताच गादीवर आलेला, झेम्स्त्वोवाल्यांना म्हणाला की कारभारात भाग घ्यायची ही "निरर्थक स्वप्नं" सोडा.

दहा वर्षांत ती स्वप्नं त्याच्या दारात आली. १९०५, जपानशी युद्धात मार खाल्लेला, जानेवारीत राजवाड्याकडे अर्ज घेऊन चाललेल्या कामगारांवर गोळीबार, मग वर्षभर संप, ऑक्टोबरला तर रेल्वेच थांबली. शेवटी १७ ऑक्टोबरला जाहीरनामा काढावा लागला की 'दुमा' निवडली जाईल आणि तिच्या मान्यतेशिवाय कायदा होणार नाही. (तारखा जुन्या कॅलेंडरच्या, आपल्यापेक्षा १३ दिवस मागे, म्हणून 'ऑक्टोबर क्रांती' नोव्हेंबरमध्ये येते.) दुमा हा शब्द 'विचार करणे' या क्रियापदावरून आलाय. आपला सेनापती बापट थोड्याच वर्षांनी पॅरिसमध्ये रशियन क्रांतिकारकांकडून बॉम्ब बनवायचं शिकला हे बऱ्याच जणांना माहीत असतं, पण ते रशियन ज्या देशातून पळून आले होते तिथे तेव्हा निवडणुका चालू होत्या हे सहसा कोणी सांगत नाही.

निवडणूक होती कशी तर थेट नाही. लोकांचे चार गट, जमीनदार, शहरवाले, शेतकरी, कामगार, प्रत्येक गट आपले मतदार-प्रतिनिधी निवडणार, ते पुढे दुमाचे सदस्य निवडणार. बायकांना मत नाही. हिशोब केला तर एका जमीनदाराचं मत साधारण १५ शेतकऱ्यांच्या आणि ४५ कामगारांच्या मतांएवढं पडत होतं. तरी सरकारने शेतकऱ्यांना बऱ्यापैकी जागा ठेवल्या, कारण दरबाराची पक्की समजूत होती की शेतकरी म्हणजे भाबडा राजभक्त, तो आपल्याच बाजूने बोलेल. शेतकरी आला आणि म्हणाला, जमीन द्या.

२७ एप्रिल १९०६ चं उद्घाटन हिवाळी राजवाड्यात. एका बाजूला हिऱ्यामोत्यांत मढलेला दरबार, दुसऱ्या बाजूला गावाकडचे लांब कोट आणि बूट घातलेले प्रतिनिधी, दोन्हीकडचे लोक एकमेकांकडे बघतायत. तिथून हे लोक नदीतून बोटीने आपल्या सभागृहाकडे, तावरीचेस्की राजवाड्याकडे गेले, वाटेत तुरुंग लागला, आतले कैदी गजांतून रुमाल हलवत होते. सभेने मागितलं काय, राजकीय कैद्यांना माफी, जमिनीचं वाटप, मंत्री आम्हाला जबाबदार पाहिजेत. सरकारने सगळ्याला नाही म्हटलं, आणि स्वतःचं पहिलं विधेयक पाठवलं ते कसलं तर युरिएव विद्यापीठात धुलाईघर आणि झाडांसाठी काचघर बांधायला पैसे मंजूर करा. हा विनोद नाही, खरंच तेच पाठवलं. देश पेटलेला आणि समोर धोब्याचं बिल!

७२ दिवसांत दुमा बरखास्त. सदस्य आले तर दारं बंद. दोनेकशे जण फिनलंडमध्ये विबोर्गला गेले आणि तिथून लोकांना सांगितलं कर भरू नका, सैन्यात पोरं पाठवू नका. लोकांनी काही ऐकलं नाही, सह्या करणाऱ्यांना तीन महिने जेल आणि पुढच्या निवडणुकीला उभं राहायची बंदी. दुसरी दुमा १९०७ च्या फेब्रुवारीत भरली, आधीपेक्षा जास्त डावी निघाली, त्यात काही दिवसांतच सभागृहाचं छत कोसळलं (रात्री, नशीब), आणि १०३ दिवसांनी तीही गेली. त्याच दिवशी, ३ जून १९०७, पंतप्रधान स्टोलिपिनच्या सरकारने निवडणूक कायदाच बदलून टाकला, जो दुमाला विचारल्याशिवाय बदलायचा नाही असं त्यांच्याच मूळ कायद्यात लिहिलेलं. मतदार-प्रतिनिधींत निम्म्याच्या आसपास जमीनदार झाले, मध्य आशियाचं प्रतिनिधित्व तर पूर्ण काढलं. या सोयीच्या कायद्यावर आलेली तिसरी दुमा बरोब्बर पाच वर्षं टिकली. आणखी एक हत्यार होतं, कलम ८७, दुमा सुट्टीवर असेल तेव्हा सरकार वटहुकूम काढू शकतं. अधिवेशन नसताना निघणारे वटहुकूम आपल्याला काय नवीन नाहीत, तिथे मात्र वटहुकूम काढता यावा म्हणून दुमालाच तीन दिवस सुट्टीवर पाठवल्याचा प्रकार १९११ ला झाला, स्टोलिपिनला पश्चिमेकडच्या प्रांतांतला झेम्स्त्वोचा कायदा रेटायचा होता म्हणून.

पण एक गोष्ट सांगतो, याच कायद्यावर नंतर आलेल्या चौथ्या, जमीनदारांनी भरलेल्या दुमाने १९१७ च्या फेब्रुवारीत निकोलसच्या बरखास्तीच्या हुकमानंतर आपल्यातली एक समिती नेमली आणि त्यातून हंगामी सरकार उभं राहिलं. राजा गेला. १६१३ नंतर पहिल्यांदा सभा खुर्चीवर माणूस बसवत होती.

मग आली रशियाच्या इतिहासातली मला सगळ्यात जास्त हळहळ लावणारी निवडणूक, संविधान सभेची, नोव्हेंबर १९१७. बायकांसकट सगळ्यांना समान मत, थेट, गुप्त, चार कोटींच्या वर लोकांनी मतदान केलं, महायुद्ध चालू असताना. मध्येच लेनिनच्या बोल्शेविकांनी, म्हणजे कम्युनिस्टांनी, सत्ता घेतलेली पण निवडणूक थांबवली नाही. निकाल आला तर शेतकऱ्यांमध्ये जोर असलेले समाजवादी क्रांतिकारक सगळ्यात पुढे, बोल्शेविक चौथा हिस्सा मतांच्या आसपास. ५ जानेवारी १९१८ ला सभा त्याच तावरीचेस्की राजवाड्यात भरली, बाहेर तिच्या समर्थनाच्या मोर्च्यावर गोळीबार झालेला, आत गॅलरीत बंदूकवाले खलाशी. सभापती चेर्नोव. पहाटे चारनंतर झेलेझन्याकोव नावाचा खलाशी, पहाऱ्याचा प्रमुख, सभापतीपाशी गेला आणि म्हणाला सभागृह रिकामं करा, पहारेकरी दमलेत. थोडा वेळ घाईघाईने ठराव करून उठले. दुसऱ्या दिवशी परत आले तर दाराला कुलूप. इतकी वर्षं वाट बघितलेली सभा एका रात्रीत संपली.

सोव्हिएत काळाबद्दल लोकांना वाटतं निवडणुका नव्हत्या, उलट भरपूर होत्या. 'सोव्हिएत' म्हणजे मंडळ, सल्ला, १९०५ च्या संपातून कामगारांनी उभी केलेली गोष्ट. १९१८ च्या संविधानाच्या काळात हात वर करून मतदान, शहरात २५ हजार मतदारांमागे एक प्रतिनिधी आणि गावाकडे सव्वा लाख लोकसंख्येमागे एक, व्यापारी, पाद्री, मजूर ठेवणारे यांना मतच नाही. म्हणजे जमीनदाराकडे झुकलेला तराजू आता कामगाराकडे, शेतकरी दोन्ही वेळा हलकाच. १९३६ च्या संविधानाने कागदावर सगळं सरळ केलं, सगळ्यांना समान गुप्त मतदान, इतकंच काय मतदारांना आपला प्रतिनिधी परत बोलवायचा हक्कसुद्धा. १२ डिसेंबर १९३७ ला पहिली निवडणूक, त्याच वर्षी धरपकडीचा आणि फाशी-गोळ्यांचा कहर चालू होता. मतपत्रिकेवर छापलेलं की एक नाव ठेवा बाकीची खोडा, आणि खाली नाव एकच. मतदान ९६.८ टक्के.

प्रत्यक्ष कसं चालायचं ते सांगतो कारण पुढे कामाला येतं. चिठ्ठी घ्यायची, काही न लिहिता पेटीत टाकायची, झालं मत. आडोशाची खोली होती पण तिथे जायची गरज फक्त नाव खोडायचं असेल तर, त्यामुळे तिकडे पाय वळले की सगळ्यांना दिसायचं. केंद्रावर गाणी, बुफे, एरवी दुकानात न मिळणारी संत्री वगैरे. आमच्या घरी लहानपणी सोव्हिएत मासिकं यायची, त्या गुळगुळीत कागदाची कव्हरं वह्यांना घालायचो, त्यात असे हसऱ्या मतदारांचे फोटो असायचे आणि मला खरंच वाटायचं की तिकडे निवडणूक म्हणजे जत्रा असणार.

आता गंमत बघा. १९८९ ला गोर्बाचेवने अर्धीमुर्धी खरी निवडणूक लावली, २२५० जागा, त्यातल्या ७५० पक्ष आणि संघटनांसाठी राखीव, बाकीच्यांत एकापेक्षा जास्त उमेदवार चालतील. पद्धत तीच जुनी, नाव खोडायची, आणि निवडून यायला निम्म्यापेक्षा जास्त मतं हवीत. फक्त आता प्रत्येकाला खोलीतूनच जावं लागत होतं. लेनिनग्राडचा (म्हणजे पीटर्सबर्गचाच) पक्षप्रमुख सोलोव्योव एकटाच उभा होता, समोर कोणी नाही, आणि तरी हरला, लोकांनी नाव खोडलं. ज्या चिठ्ठीने पन्नास वर्षं लोकांना माना डोलवायला लावल्या तीच उलटली. मॉस्कोत येल्त्सिन ८९ टक्क्यांनी आला. मे महिन्यात अधिवेशन टीव्हीवर लाइव्ह, लोक कामधाम सोडून बघत होते, रेडिओ कानाला लावून फिरत होते, सरकारविरोधात बोलणाऱ्या शास्त्रज्ञ साखारोवचा माइक बंद केलेला सगळ्या देशाने बघितला.

१२ जून १९९१ ला येल्त्सिन रशियाचा पहिला निवडून आलेला राष्ट्राध्यक्ष, ५७ टक्के. आणि मग दोनच वर्षांत माझा तो प्रश्न अक्षरशः रणगाड्यांवर आला, कारण राष्ट्राध्यक्षही लोकांनी निवडलेला, संसदही लोकांनी निवडलेली, आणि दोघांनाही वाटतं समोरच्याला घरी पाठवायचा हक्क आपला. मार्च १९९३ ला संसदेने येल्त्सिनला काढायचं मतदान केलं, ६८९ मतं पाहिजे होती, ६१७ पडली. सप्टेंबरला येल्त्सिनने हुकूम काढून संसद बरखास्त केली, संविधानात तसा अधिकार नसताना. संसदवाल्यांनी त्याला पदच्युत जाहीर केलं, वीज-फोन तोडलेल्या इमारतीत ठाण मांडून बसले, बाहेर त्यांच्या बाजूच्या लोकांनी टीव्ही केंद्रावर हल्ला केला, आणि ४ ऑक्टोबरला रणगाड्यांनी संसदेच्या पांढऱ्या इमारतीवर तोफा डागल्या. सरकारी आकड्यानुसारसुद्धा दीडशेच्या आसपास माणसं गेली. आजचं रशियाचं जे संविधान आहे ते या धुरातून आलेलं, डिसेंबर १९९३ चं, आणि त्यात उत्तर स्पष्ट आहे, राष्ट्राध्यक्षाला काही अटींवर दुमा बरखास्त करता येते, दुमाला राष्ट्राध्यक्ष काढायचा तर दोन सभागृहांचं दोन तृतीयांश मत आणि वर दोन कोर्टं. १९९९ ला प्रयत्न झाला, पहिल्याच पायरीवर फसला. पुतिनच्या नावाने खडे फोडणारे बरेच जण विसरतात की कुलूप-किल्ली येल्त्सिनच्या वेळीच बनली होती आणि तेव्हा पाश्चात्त्य देश टाळ्या वाजवत होते.

तरी नव्वदच्या दशकातल्या निवडणुका खऱ्या अर्थाने चुरशीच्या होत्या. १९९५ ला मतपत्रिकेवर ४३ पक्ष, त्यात बियरप्रेमींचा पण एक, आणि पाच टक्क्यांची पायरी फक्त चौघांनी ओलांडली, म्हणजे जवळजवळ निम्मी मतं वाया. १९९६ ला येल्त्सिनला दुसऱ्या फेरीत जावं लागलं, पैसा आणि टीव्ही पूर्ण त्याच्या बाजूने असताना. मतपत्रिकेवर "सगळ्यांच्या विरोधात" असा रकाना असायचा, आणि त्याला सगळ्यात जास्त मतं पडली तर निवडणूकच रद्द. आपला नोटा २०१३ ला आला, तो तसा दात नसलेला (२०१८ ला महाराष्ट्राच्या राज्य निवडणूक आयोगाने स्थानिक निवडणुकांपुरता थोडा दात बसवला). रशियाने २००६ ला राष्ट्रीय निवडणुकांतून हा रकाना काढून टाकला.

पुढचं बऱ्याच जणांना माहीत आहे म्हणून भरभर. २००४ ला बेस्लानच्या शाळेवरच्या हल्ल्यानंतर गव्हर्नरांच्या (तिथले प्रांतप्रमुख) थेट निवडणुका बंद, २०१२ ला परत पण चाळणी लावून. राष्ट्राध्यक्षाची मुदत चारवरून सहा. २०११ ला दुमाच्या निकालावर मोठे मोर्चे. आकडे बघणाऱ्या लोकांनी आलेख काढून दाखवलं की मतदान केंद्रांच्या निकालात ७०, ७५, ८० अशा गोल टक्क्यांवर सुळके येतात, खऱ्या मोजणीत असं होत नाही, कोणीतरी आकडा आधी ठरवून मग मतं लिहिल्यासारखं. २०२१ ला पीटर्सबर्गला विश्नेव्स्की नावाच्या विरोधी उमेदवारासमोर आणखी दोन बोरिस विश्नेव्स्की उभे राहिले. नामसाधर्म्याचा उमेदवार उभा करायची ट्रिक आपल्याला नवीन नाही, पण तिथे दोघांनी नाव बदलून घेतलंच आणि वर फोटोत दाढी-टक्कलसुद्धा जुळवलं! २०२० ला पहिली अंतराळवीर महिला तेरेश्कोवा, तेव्हा खासदार, तिने दुमात सुचवलं की पुतिनच्या आधीच्या मुदती मोजायच्याच नाहीत, आणि आठवडाभर चाललेल्या मतदानात, कुठे बाकड्यावर, कुठे गाडीच्या डिकीवर पेट्या ठेवून, ७८ टक्क्यांनी मंजूर.

मार्च २०२४ ला राष्ट्राध्यक्षाची निवडणूक तीन दिवस चालली. युद्धाविरोधात बोलणाऱ्या नादेझ्दिनसाठी लोकांनी थंडीत रांगा लावून सह्या दिल्या होत्या, आयोगाने त्यातल्या हजारो सदोष ठरवून त्याला बाद केलं. पुतिनचा सगळ्यात नावाजलेला विरोधक नवाल्नी महिनाभर आधी तुरुंगात मेला होता. पुतिनला ८७ टक्के. विरोधकांनी एवढंच सांगितलं होतं की शेवटच्या दिवशी बरोब्बर दुपारी बारा वाजता केंद्रावर या, मत काय द्यायचं ते तुमचं तुम्ही बघा. बाराला मॉस्को-पीटर्सबर्गच्या अनेक केंद्रांबाहेर अचानक रांगा लागल्या, परदेशातल्या वकिलातींबाहेर तर काही तास संपेनात. काहींनी मतपत्रिकेवर नवाल्नीचं नाव हाताने लिहिलं. नाव खोडायची सवय त्या देशाला होतीच, हे नाव लिहिणं झालं. त्या चिठ्ठ्या मोजणीत अवैधच्या गठ्ठ्यात गेल्या.